वकिलाच्या कार्यालयातले दावे, तारखा आणि कागद संगणकावर कसे सांभाळावेत

दाव्याची पुढची तारीख न्यायालयांच्या ‘ई-कोर्ट्स’ या ॲपवर कोणालाही दिसते. त्या तारखेला काय करायचं आहे, कोणता कागद हातात हवा आणि तो कागद नेमका कुठे आहे, हे मात्र ॲप सांगत नाही. वकिलाच्या कार्यालयातली खरी अडचण या दुसऱ्या भागात आहे, आणि संगणकाचा उपयोगही तिथेच करून घ्यायला हवा. अनेक कार्यालयांत स्कॅनर येतो, महागडं सॉफ्टवेअर येतं, दोन महिने उत्साहानं कागद स्कॅन होतात आणि मग सगळं पुन्हा डायरीवर आणि कारकुनाच्या स्मरणशक्तीवर येऊन थांबतं. कारण सुरुवात उलट्या टोकाकडून झालेली असते. आधी नोंदवही, मग मुदती, मग कागद, आणि सॉफ्टवेअर सगळ्यात शेवटी, हा क्रम पाळला तर तीन-चार वकिलांचं कार्यालय साध्या एक्सेलवर उत्तम चालतं.

हा लेख महाराष्ट्रातल्या दिवाणी आणि फौजदारी न्यायालयांत काम करणारे वकील, त्यांचे ज्युनिअर आणि कारकून यांच्यासाठी आहे. स्वतःच्या दाव्याचे कागद नीट ठेवू पाहणाऱ्या पक्षकारालाही यातलं बरंच उपयोगी पडेल.

पहिली पायरी: एकच नोंदवही

एक्सेलमध्ये किंवा गूगल शीट्समध्ये एक शीट उघडा. एका प्रकरणाला एक ओळ. एकाच पक्षकाराचे तीन दावे असतील तर तीन ओळी. प्रत्येक ओळीला कार्यालयाचा स्वतःचा एक अनुक्रमांक द्या आणि तो कधीही बदलू नका. न्यायालयाचा क्रमांक बदलू शकतो: दावा दुसऱ्या न्यायालयात वर्ग होतो, अपिलात नवा क्रमांक पडतो, निकालाच्या अंमलबजावणीसाठी केलेल्या दरखास्तीला आणखी वेगळा. आपला अनुक्रमांक स्थिर असला की या सगळ्या क्रमांकांची माळ एका जागी राहते.

रकाने असे ठेवा: कार्यालयीन अनुक्रमांक, न्यायालय, प्रकरणाचा प्रकार आणि क्रमांक, सीएनआर क्रमांक (याबद्दल दुसऱ्या पायरीत), आपला पक्षकार आणि त्याची भूमिका, विरुद्ध बाजूची सगळी नावं, विरुद्ध वकील, टप्पा, मागची तारीख, त्या दिवशी काय झालं, पुढची तारीख, पुढचं काम, काम कोणाकडे. एवढे रकाने पुरतात. सुरुवातीलाच चाळीस रकाने केले तर ते कोणी भरत नाही आणि अर्धवट भरलेल्या शीटवरचा विश्वास उडतो.

यातले शेवटचे दोन रकाने सगळ्यात मोलाचे आहेत. ‘पुढची तारीख’ भरली आणि ‘पुढचं काम’ रिकामं राहिलं, तर ती नोंद झालेली नाही असं समजायचं. कामही मोघम लिहू नका. ‘पुरावा’ असं लिहिल्यानं कोणालाच काही कळत नाही. ‘वादीच्या सरतपासाचं शपथपत्र तयार करणे, निशाणी ३ सोबतच्या यादीतले अस्सल दस्त पक्षकाराकडून मागवणे’ असं लिहिलं, तर ते वाचून ज्युनिअर थेट कामाला लागू शकतो. आणि कामासमोर नाव एकाच माणसाचं हवं. दोघांची नावं लिहिली की दोघांनाही वाटतं, दुसरा करतो आहे.

विरुद्ध बाजूच्या नावांचा रकाना पुष्कळांना फालतू वाटतो. पण नवीन पक्षकार समोर बसलेला असताना त्याच्या विरुद्ध बाजूचं नाव शोधून पाहिलं की, तो माणूस आपला जुनाच पक्षकार आहे का, हे अर्ध्या मिनिटात कळतं. वकीलपत्र स्वीकारण्याआधी हा शोध घेणं हा कार्यालयाचा पक्का नियम असायला हवा.

नोंद कधी करायची? न्यायालयातून परतल्यावर, त्याच दिवशी. आदल्या आठवड्याच्या नोंदी रविवारी एकत्र करायची पद्धत टिकत नाही. पाच दिवसांपूर्वी न्यायाधीश तोंडी काय म्हणाले होते, हे तोवर कोणालाच नीट आठवत नाही.

दुसरी पायरी: सीएनआर आणि ई-कोर्ट्सशी ताळमेळ

जिल्हा व तालुका न्यायालयांतल्या प्रत्येक प्रकरणाला सोळा अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक असतो. सुरुवातीची अक्षरं राज्य आणि जिल्हा दाखवतात, शेवटचे चार अंक वर्ष. हा क्रमांक नोंदवहीत मोकळी जागा किंवा आडवी रेघ न घालता सलग लिहा. मग तो उचलून शोधाच्या चौकटीत जसाच्या तसा टाकता येतो. जुन्या प्रकरणांचे सीएनआर मिळवायला पक्षकाराच्या नावानं किंवा प्रकरण क्रमांकानं शोध घ्यावा लागतो. हे काम कंटाळवाणं आहे, पण एकदाच करायचं आहे.

ॲपमध्ये ‘माझे खटले’ या यादीत सगळी प्रकरणं जतन करता येतात. ही यादी त्या फोनमध्ये राहते. फोन बदलला किंवा बिघडला की ती जाते, म्हणून अधूनमधून तिची निर्यात करून फाइल संगणकावर ठेवा.

दर शनिवारी नोंदवहीतल्या तारखा आणि संकेतस्थळावरच्या तारखा समोरासमोर ठेवून तपासा. दोन्हींत फरक दिसला तर कोणतीही एक बाजू गृहीत धरू नका. संकेतस्थळावरची माहिती भरायला उशीर होतो, कधी चुकीची भरली जाते, आणि आपल्या ज्युनिअरनं गर्दीत चुकीची तारीख ऐकलेली असू शकते. रोजनामा, म्हणजे न्यायालयानं त्या दिवशीच्या कामकाजाची केलेली नोंद, पाहून घ्या. रोजच्या बोर्डाची यादीही आदल्या संध्याकाळी पाहायची सवय हवी, कारण न्यायाधीश रजेवर असणं, प्रकरण दुसऱ्या न्यायालयाकडे जाणं असे बदल तिथे दिसतात.

तिसरी पायरी: मुदतीचं वेगळं शीट

तारीख चुकली तर बहुतेक वेळा पुढची तारीख मिळते. मुदत चुकली तर हक्क जाऊ शकतो. म्हणून मुदती मुख्य नोंदवहीत कोंबू नका. त्यांचं शीट वेगळं करा आणि त्यात प्रत्येक मुदतीसाठी ओळ ठेवा. रकाने: कार्यालयीन अनुक्रमांक, कशाची मुदत, कोणत्या कलमानुसार, मुदत कोणत्या घटनेपासून सुरू झाली, त्या घटनेची तारीख, त्या तारखेचा पुरावा कुठे आहे, शेवटचा दिवस, आणि काम पूर्ण झाल्याची तारीख.

‘पुरावा कुठे आहे’ हा रकाना विसरू नका. समन्स कोणत्या दिवशी बजावलं गेलं यावरच पुढे वाद होतो. बजावणीच्या प्रतीचा फोटो, पोस्टाच्या ट्रॅकिंगचा अहवाल, पोचपावती, जे असेल ते त्याच आठवड्यात पीडीएफ करून प्रकरणाच्या फोल्डरमध्ये टाका.

आता गणित. मुदत कायदा, १९६३ च्या कलम १२ नुसार ज्या दिवसापासून मुदत मोजायची तो दिवस वगळायचा असतो. एक्सेलमध्ये तारखेच्या खान्यात ३० मिळवले की पहिला दिवस आपोआप वगळला जातो, त्यामुळे दिवसांतल्या मुदतीसाठी साधी बेरीज पुरते. महिन्यांतल्या मुदतीला मात्र ३० मिळवून चालत नाही. धनादेश न वटल्याच्या प्रकरणात हा फरक रोज समोर येतो. बँकेकडून धनादेश परत आल्याची माहिती मिळाल्यापासून ३० दिवसांत नोटीस पाठवायची, नोटीस मिळाल्यापासून १५ दिवसांत समोरच्यानं पैसे द्यायचे, आणि ते पंधरा दिवस संपल्यावर एक महिन्यात तक्रार दाखल करायची. इथला महिना म्हणजे कॅलेंडरचा महिना. एक्सेलमधलं ‘ईडेट’ हे सूत्र नेमकं यासाठी आहे. या एका धनादेशासाठी शीटमध्ये तीन ओळी होतात, आणि दुसरी ओळ समोरच्याला नोटीस कधी मिळाली हे कळल्याशिवाय भरताच येत नाही.

कैफियतीसाठी, म्हणजे प्रतिवादीच्या लेखी उत्तरासाठी, दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ८ नियम १ मध्ये ३० दिवस आणि कारणं नोंदवून ९० दिवसांपर्यंत वाढ आहे. साध्या दाव्यात न्यायालयं ९० दिवसांनंतरही योग्य कारण दाखवल्यास कैफियत घेतात. व्यापारी दाव्यांत १२० दिवसांची मर्यादा सक्तीची आहे, त्यानंतर कैफियत दाखल करण्याचा हक्कच संपतो. म्हणून प्रकरण व्यापारी स्वरूपाचं आहे की नाही हे ओळ भरतानाच ठरवून लिहा.

अपिलासाठी निकालाच्या नकलेच्या (प्रमाणित प्रतीच्या) अर्जाची तारीख आणि नक्कल तयार झाल्याची तारीख असे दोन जादा रकाने लागतात, कारण नक्कल मिळवायला लागलेला आवश्यक काळ मुदतीतून वगळला जातो. जिल्हा न्यायालयातल्या पहिल्या अपिलाला ३० दिवस, उच्च न्यायालयातल्या पहिल्या अपिलाला ९० दिवस. जुन्या प्रकरणांत आणखी एक नोंद लागेल: कोविडच्या काळातल्या मुदतींबाबत सर्वोच्च न्यायालयानं १५ मार्च २०२० ते २८ फेब्रुवारी २०२२ हा काळ वगळला आहे. त्या काळात चालू असलेल्या मुदतीसमोर हे स्पष्ट लिहून ठेवा, नाहीतर दोन वर्षांनी फाइल उघडणाऱ्याला ती मुदतबाह्य वाटेल.

शेवटच्या दिवशी न्यायालय बंद असेल तर ते उघडेल त्या दिवशी दाखल करता येतं, हे मुदत कायद्याच्या कलम ४ मध्ये आहे. पण या सवलतीवर आखणी करू नका. शीटमध्ये खरा शेवटचा दिवस लिहा आणि त्यावर तीन स्मरणं लावा: १५ दिवस आधी, ७ दिवस आधी, २ दिवस आधी. ती दोन वेगवेगळ्या माणसांच्या फोनवर जायला हवीत. आणि सूत्रानं काढलेली तारीख दुसऱ्या माणसानं कॅलेंडर समोर धरून बोटावर मोजून पाहावी. मुदतीच्या बाबतीत ही दुहेरी तपासणी मला अजिबात जास्तीची वाटत नाही.

चौथी पायरी: फोल्डर आणि फाइलची नावं

प्रत्येक प्रकरणाला एक फोल्डर, नावात आधी कार्यालयीन अनुक्रमांक. आत सात उपफोल्डर पुरतात: वकीलपत्र व पत्रव्यवहार; दावा, कैफियत व अर्ज; कागदोपत्री पुरावा; साक्ष; रोजनामा व आदेश; न्यायनिर्णय; कच्चे मसुदे. त्यांना ०१ ते ०७ क्रमांक द्या, म्हणजे सगळ्या प्रकरणांत क्रम सारखा राहतो. त्याच्या आत आणखी फोल्डरांत फोल्डर करत जाऊ नका. विंडोजमध्ये फोल्डर आणि फाइल मिळून संपूर्ण पत्ता साधारण २६० अक्षरांच्या पुढे गेला की अनेक प्रोग्रॅम ती फाइल उघडत किंवा कॉपी करत नाहीत, आणि हे नेमकं बॅकअप घेताना लक्षात येतं.

फाइलचं नाव तारखेनं सुरू करा, आधी वर्ष, मग महिना, मग दिवस: ‘२०२४-०८-१३_कैफियत_प्रतिवादी-२_निशाणी-१७’. अशा नावांच्या फाइली आपोआप कालक्रमानं लागतात. पुराव्याच्या फोल्डरमध्ये तारीख दस्ताची घ्या, दाखल केल्याची नको. मग १९७४ चं खरेदीखत, १९८१ चा फेरफार आणि २००९ चं वाटणीपत्र ओळीनं दिसतात, आणि युक्तिवादासाठी लागणारी घटनाक्रमाची यादी जवळपास तयारच मिळते. आकडे टाइप करताना संपूर्ण कार्यालयानं एकच लिपी वापरायची, देवनागरी किंवा रोमन. अनेक प्रोग्रॅमांच्या शोधात या दोन लिप्यांतला एकच आकडा वेगवेगळा मानला जातो, आणि गट क्रमांक शोधताना अर्धे दस्त सापडतच नाहीत.

प्रकरण क्रमांकातली तिरपी रेघ फाइलच्या नावात चालत नाही. विंडोज ती घेतच नाही. त्यामुळे रे.मु.नं. १२३/२०१९ हा दाव्याचा क्रमांक ‘१२३-२०१९’ असा लिहायचा. अपूर्णविराम, प्रश्नचिन्ह आणि तारका यांनाही तीच बंदी आहे.

मसुद्यांचा गोंधळ सगळीकडे असतो: ‘अंतिम’, ‘अंतिम-नवीन’, ‘अंतिम-साहेबांनी पाहिलेला’. यावर साधा उपाय आहे. जे न्यायालयात दाखल झालं आणि ज्यावर दाखल केल्याचा शिक्का किंवा ई-फाइलिंगची पोच आहे, तेवढंच ०२ मध्ये जाईल. बाकी सगळं ०७ मध्ये, नावाशेवटी आवृत्ती क्रमांक लावून. उलटतपासाच्या वेळी समोर ठेवायची प्रत फक्त ०२ मधलीच.

पाचवी पायरी: स्कॅनिंग

३०० डीपीआय (दर इंचात ३०० ठिपके) पुरे. त्याखाली शिक्क्यावरची बारीक अक्षरं जातात आणि मजकूर ओळखणारं सॉफ्टवेअर चुका करू लागतं. छापील मजकूर करड्या छटांत घ्या. शिक्के, निळ्या शाईच्या सह्या, अंगठे, रंगीत नकाशे असलेले दस्त रंगीतच घ्या. शुद्ध काळ्या-पांढऱ्यात घेतलेल्या दस्तावर फिकट गोल शिक्का पार नाहीसा होतो.

दोन सेटिंग्जवर विशेष लक्ष ठेवा. कोरी पानं आपोआप गाळण्याची सोय बंद ठेवा, कारण खरेदीखताच्या पाठीमागे असलेला मुद्रांक विक्रेत्याचा फिकट शेरा किंवा नोंदणीचा मजकूर हे यंत्र कोरं पान समजून टाकून देतं. कडा आपोआप कापण्याची सोयही बंद ठेवा, समासातले शेरे आणि पान क्रमांक त्यात जातात. स्कॅन झाल्यावर मूळ कागदाची पानं आणि पीडीएफची पानं मोजून जुळवा, पाठपोट धरून. हे मोजणं स्कॅन करणाऱ्यानंच नाही, दुसऱ्यानं करावं.

अस्सल दस्त पंच करू नका, त्यावर नंबर टाकू नका. प्लास्टिकच्या पारदर्शक पाकिटात ठेवा आणि नोंद पाकिटावर करा. अस्सल दस्त पक्षकाराकडून घेतला की पोच द्या, परत दिला की पोच घ्या, आणि दोन्ही पोची ०१ मध्ये स्कॅन करून ठेवा.

पीडीएफचा दीर्घकाळ टिकणारा प्रकार म्हणजे पीडीएफ-ए. २००५ पासून हे आंतरराष्ट्रीय मानक आहे. यात फॉन्ट फाइलच्या आतच बसवलेले असतात, त्यामुळे दुसऱ्या संगणकावर मराठी मजकुराच्या जागी चौकोन दिसत नाहीत. वीस वर्षं चालू शकणाऱ्या दाव्यासाठी हाच प्रकार घ्या.

मजकूर ओळखण्याचं काम करताना भाषा मराठी आणि इंग्रजी दोन्ही निवडा. टेसरॅक्ट हे मोफत इंजिनही मराठी ओळखतं. छापील मराठीवर निकाल चांगला येतो. हस्तलिखित रोजनामे आणि जुने फेरफार यांवर भिस्त ठेवू नका, आणि मोडीतल्या कागदांसाठी मोडी वाचणारा माणूसच लागतो. अशा कागदांसाठी सूचीत दोन ओळींचं वर्णन हातानं टाइप करा: गाव, गट किंवा सर्व्हे क्रमांक, पक्षांची नावं, वर्ष, दस्ताचा प्रकार. पुढे शोध या दोन ओळींवरच चालेल.

डिजिटल सही असलेला सातबारा किंवा आदेश डाउनलोड केला असेल तर ती मूळ फाइल जशीच्या तशी ठेवा. तिची छपाई करून पुन्हा स्कॅन केली, किंवा ‘प्रिंट टू पीडीएफ’ करून नवी फाइल बनवली, की आतली डिजिटल सही जाते आणि उरतं फक्त सहीचं चित्र. अनेक फाइली एकत्र जोडतानाही हेच होतं. जोडलेला संच वेगळा, मूळ फाइल वेगळी.

मराठी टायपिंगबद्दल थोडं

जुन्या कार्यालयांत श्रीलिपी, कृतिदेव अशा फॉन्टांत टाइप केलेले हजारो मसुदे पडलेले असतात. ते युनिकोड (सगळ्या संगणकांवर सारखी चालणारी अक्षरपद्धती) नसल्यामुळे शोधात सापडत नाहीत आणि फॉन्ट नसलेल्या संगणकावर निरर्थक अक्षरं दिसतात. सगळे एकदम बदलायचा खटाटोप नको. चालू प्रकरणांतले मसुदे, आणि ज्यांवरून पुन्हा पुन्हा नवे मसुदे बनतात ते नमुने, एवढेच युनिकोडमध्ये आणा. रूपांतरानंतर जोडाक्षरं, रफार, ‘ऱ्या’सारखी अक्षरं आणि सगळे आकडे मूळ छापील प्रतीशी ताडून पाहा. क्षेत्रफळातलं एक दशांश चिन्ह इकडचं तिकडे झालं तर वाद जमिनीचाच होतो.

सहावी पायरी: इलेक्ट्रॉनिक पुरावा

या भागात घाई अजिबात नको. भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ हा १ जुलै २०२४ पासून लागू झाला आणि पूर्वीच्या पुरावा कायद्यातल्या कलम ६५-ब ची जागा कलम ६३ नं घेतली. इलेक्ट्रॉनिक नोंद पुराव्यात देताना तिच्यासोबत प्रमाणपत्र लागतं. त्याचा नमुना अधिनियमाच्या अनुसूचीत आहे आणि त्याचे दोन भाग आहेत: पहिला नोंद सादर करणाऱ्यानं भरायचा, दुसरा तज्ज्ञानं. दोन्हींत त्या नोंदीचं हॅश मूल्य (ते काय असतं हे खाली सांगितलं आहे) लिहायचं असतं.

प्रमाणपत्राचं महत्त्व समजून घ्यायला जालना विधानसभा मतदारसंघाच्या निवडणुकीवरून झालेलं अर्जुन पंडितराव खोतकर प्रकरण पाहावं. निवडणूक अधिकाऱ्याच्या कार्यालयातल्या चित्रीकरणावर वाद होता. सर्वोच्च न्यायालयानं १४ जुलै २०२० रोजी स्पष्ट केलं की मूळ उपकरणच न्यायालयात हजर केलं नसेल, तर नकलेसोबत प्रमाणपत्र सक्तीचं आहे. ते देणारा नकार देत असेल तर न्यायालयाकडे अर्ज करून मागवता येतं.

हॅश म्हणजे फाइलमधल्या सगळ्या मजकुरावरून गणितानं काढलेली ठरावीक लांबीची अक्षर-अंकांची ओळ. फाइलमधला एक स्वल्पविराम बदलला तरी ओळ पूर्ण बदलते. नुसती कॉपी केली तर बदलत नाही. प्रमाणपत्राच्या नमुन्यात एमडी-५, शा-१ आणि शा-२५६ असे पर्याय आहेत. शा-२५६ निवडा. एमडी-५ आणि शा-१ मध्ये दोन वेगळ्या फाइलींचा हॅश एकच येऊ शकतो हे संशोधकांनी करून दाखवलं आहे. शा-१ बाबत ते २०१७ मध्ये झालं. सेव्हन-झिप हा मोफत प्रोग्रॅम बसवला की फाइलवर राइट-क्लिक करून शा-२५६ मिळतो. तो ६४ अक्षर-अंकांचा असतो.

पक्षकार व्हॉट्सॲपवरचं संभाषण, ध्वनिमुद्रण किंवा चित्रफीत घेऊन आला की या क्रमानं जा. फोनमधून मूळ फाइल केबलनं संगणकावर घ्या. व्हॉट्सॲपवरून मागवू नका, कारण फोटो आणि चित्रफिती तिथे लहान केल्या जातात, आणि फोटोतली तारीख, वेळ, ठिकाण ही आतली माहिती निघून जाते. फाइल उघडण्याआधी हॅश काढा. तो, काढल्याची तारीख-वेळ, फोनची कंपनी व मॉडेल आणि फाइल देणाऱ्याचं नाव नोंदवहीत लिहा. मूळ फाइलची ‘फक्त वाचण्यासाठी’ अशी प्रत कुलूपबंद पेन ड्राइव्हवर ठेवा. ऐकणं, पाहणं, उतरवून काढणं हे सगळं दुसऱ्या प्रतीवर. प्रमाणपत्र नोंद सादर करताना प्रत्येक वेळी सोबत द्यावं लागतं, म्हणून ही माहिती हाताशी हवी.

पक्षकाराला पहिल्याच दिवशी लेखी सांगा: हा फोन विकायचा नाही, एक्सचेंजमध्ये द्यायचा नाही, रीसेट करायचा नाही. सीसीटीव्हीचं चित्रीकरण हवं असेल तर त्याच दिवशी ज्याच्या ताब्यात आहे त्याला जपून ठेवण्याची नोटीस द्या. डीव्हीआरमधली जागा भरली की जुनं चित्रीकरण आपोआप पुसलं जातं.

ई-फाइलिंग

बार कौन्सिलच्या नोंदणीवर पोर्टलवर खातं उघडा. दाखल करायच्या संचाला सलग पान क्रमांक, अनुक्रमणिका आणि पीडीएफमध्ये बुकमार्क द्या. फाइलच्या आकाराची मर्यादा असते, म्हणून मोठा संच पुराव्याच्या यादीप्रमाणे तोडा, मधूनच नाही. दाखल झाल्यावर मिळालेला क्रमांक आणि पोच त्याच क्षणी ०२ मध्ये. शेवटच्या दिवशी संध्याकाळी दाखल करायचं नियोजन कधीच करू नका.

गोपनीयता

पक्षकारानं विश्वासानं दिलेले कागद सांभाळणं हे वकिलाचं कर्तव्य आहे आणि संगणकामुळे ते अवघड झालं आहे, हे मान्य करायला हवं. पूर्वी फाइल बाहेर जायला कोणीतरी उचलून न्यावी लागे. आता क्लाउडवरच्या फोल्डरला ‘ज्याच्याकडे लिंक असेल त्याला’ अशी परवानगी राहिली की ती लिंक फिरत फिरत कुठेही जाते. परवानगी नावानिशी द्या. कार्यालय सोडून गेलेल्या ज्युनिअरची परवानगी त्याच दिवशी काढा. ईमेल आणि क्लाउडला दुहेरी पडताळणी लावा, लॅपटॉपची डिस्क कूटबद्ध करा. हे उपाय एका दुपारी होतात.

मजकूर झाकताना नुसती काळी पट्टी काढू नका. २०१९ च्या जानेवारीत अमेरिकेत पॉल मॅनाफोर्ट यांच्या वकिलांनी दाखल केलेल्या कागदात काळ्या पट्ट्यांखालचा मजकूर कॉपी करून कोणालाही वाचता आला. पीडीएफ सॉफ्टवेअरमधली मजकूर कायमचा काढून टाकणारी सोय वापरा, मग झाकलेल्या जागेवर निवड करून, कॉपी करून पाहा. तशी सोय नसेल तर छापील प्रतीवर झाकून पुन्हा स्कॅन करा. लैंगिक गुन्ह्यांच्या प्रकरणांत हे फार कसोशीनं पाळा: पीडित व्यक्तीची ओळख उघड करणं भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ नुसार गुन्हा आहे. अशा प्रकरणाच्या फोल्डरच्या नावातही तिचं नाव नको. विरुद्ध बाजूला वर्डची फाइल पाठवताना आत लपलेले शेरे आणि बदलांचा माग काढून टाका, किंवा सरळ पीडीएफच पाठवा.

बॅकअप

तीन प्रती, दोन वेगळ्या साधनांवर, एक कार्यालयाबाहेर. क्लाउडशी आपोआप जुळणारं फोल्डर बॅकअप म्हणून धरू नका: संगणकावर फाइल पुसली किंवा खंडणी मागणाऱ्या व्हायरसनं ती बंद केली, की तोच बदल क्लाउडवरही जातो. एक बाहेरची हार्ड डिस्क आठवड्यातून एकदा लावायची, प्रत घ्यायची आणि वायर काढून ठेवायची. सतत जोडलेली डिस्क व्हायरसला सापडते. आणि दर तीन महिन्यांनी बॅकअपमधून एक पूर्ण प्रकरण दुसऱ्या संगणकावर उतरवून सगळ्या फाइली उघडतात का ते पाहा. न तपासलेल्या बॅकअपवर मी विसंबणार नाही.

कृत्रिम बुद्धिमत्तेची मदत घेताना

घटनाक्रमाचा कच्चा तक्ता, लांब इंग्रजी आदेशाचा मराठी गोषवारा, साक्षीतल्या विसंगतींची पहिली चाचपणी, या कामांना ही साधनं उपयोगी आहेत. न्यायनिर्णय शोधून देण्यासाठी मात्र त्यांच्यावर विसंबू नका. २०२३ मध्ये न्यूयॉर्कच्या माटा विरुद्ध एव्हियांका प्रकरणात वकिलांनी चॅटजीपीटीनं रचलेले, अस्तित्वातच नसलेले निवाडे न्यायालयापुढे ठेवले आणि त्यांना ५,००० डॉलरचा दंड झाला. प्रत्येक निवाडा सर्वोच्च न्यायालयाच्या मोफत ई-एससीआरवर किंवा उच्च न्यायालयाच्या संकेतस्थळावर स्वतः उघडा, परिच्छेद वाचा, मगच यादीत घ्या. आणि पक्षकाराचे कागद मोफत साधनांत चिकटवू नका. ते कुठे साठवले जातात यावर आपला ताबा राहत नाही.

सॉफ्टवेअर विकत घ्यायचं तेव्हा

सहा महिने शीट शिस्तीत चाललं आणि प्रकरणं वाढल्यानं ते अपुरं पडू लागलं, तर सॉफ्टवेअर जरूर घ्या. तोवर नेमकं काय कमी पडतं ते आपल्याला ठाऊक झालेलं असतं. विक्रेत्याला आधी विचारा: सगळ्या नोंदी आणि सगळ्या फाइली एक्सेल व पीडीएफ स्वरूपात एका वेळी बाहेर काढता येतात का? वर्गणी थांबवली तर माहिती किती दिवस राहते? मराठी युनिकोडमध्ये शोध चालतो का? हे तोंडी ऐकू नका. चाचणीत वीस प्रकरणं घाला आणि तिथल्या तिथे बाहेर काढून दाखवायला सांगा. बाहेर काढता येत नसेल तर बाकी सोयी कितीही देखण्या असल्या तरी नको.

निकाली प्रकरण

निकाल लागला की ओळ पुसू नका, ‘निकाली’ शीटमध्ये हलवा. त्याआधी चार गोष्टी पूर्ण करा: निकालाची आणि हुकूमनाम्याची प्रमाणित नक्कल स्कॅन करा, अस्सल दस्त परत देऊन पोच घ्या, न्यायालयात दाखल असलेले अस्सल दस्त परत मिळवण्याचा अर्ज करायचा आहे का ते ठरवा, आणि अपिलाची मुदत मुदतीच्या शीटमध्ये घाला. हुकूमनामा आपल्या बाजूनं असेल तर दरखास्तीचीही ओळ टाका. साधारण हुकूमनाम्याच्या अंमलबजावणीला १२ वर्षं मिळतात, एखादी गोष्ट करायला लावणाऱ्या आज्ञार्थी मनाई हुकुमाला फक्त ३ वर्षं, आणि कायम मनाई हुकुमाला मुदतीचं बंधन नाही. पक्षकार निकालाच्या आनंदात घरी जातो आणि दरखास्तीचा विचार त्याच्या मनात बऱ्याचदा पाच-सात वर्षांनी येतो, म्हणून ही तारीख त्याला पत्रानं कळवा आणि त्या पत्राची प्रत ०१ मध्ये ठेवा.